कुत्र्यांचं कडं

१

माझा नवरा क्रिसांतो बेर्रोआ पळालेले गुलाम धरून आणायचा. उसाचे मळेवाले इनाम लावायचे, हा कुत्री घेऊन डोंगरात शिरायचा आणि माणूस बांधून खाली आणायचा. आमच्या डोंगरपट्टीत हा धंदा करणारे पुष्कळ होते, पण नाव निघायचं ते याचंच. हवानाहून आलेले पाहुणेसुद्धा मळ्यावर विचारायचे, तो बेर्रोआ कोणता, दाखवा तरी. मला त्याचा अभिमान वाटायचा, खोटं कशाला बोलू?

तो घरी आला की सगळं ठरलेलं असायचं. आधी वळणावरून शीळ. ती ऐकली की मी चूल पेटवायची आणि आमची नीका, चार वर्षांची पोर, पाण्याच्या रांजणामागं जाऊन बसायची. मग दोर खुंटीला. मग कुत्र्यांचं खाणं. कसावाची भाकरी हा स्वतःच्या तोंडात चावायचा, खाऱ्या मांसात कालवायचा आणि तळहातावर धरायचा. कनेला ही म्हातारी कुत्री आणि मोरो व त्रुएनो हे तिचे दोन मुलगे. याच्याशिवाय दुसऱ्या कुणाच्या हातचं ती खात नसत, पिल्लं असल्यापासून तशीच वाढवलेली. कुत्र्यांचं झालं की हा जेवायला बसायचा आणि आज धरलेला माणूस कसा गयावया करत होता त्याची नक्कल करून दाखवायचा. नक्कल हुबेहूब असायची. मी पोट धरून हसायची.

त्या दुपारी शीळ आलीच नाही. मी अंगणात कॉफी निवडत बसले होते. मान वर केली तर क्रिसांतो फाटकात उभा. बरोबर धरलेला माणूस नाही. कनेला त्याच्या जरा पुढं, दोघं मुलगे मागं, एक या बाजूला, एक त्या बाजूला. एरवी घर दिसलं की ही तिघं उधळत यायची आणि माझी कॉफी अंगणभर करायची.

"काय रे," मी म्हटलं, "वाघ आज हात हलवत आला?"

तो हसला नाही. फाटकातच उभा राहिला. मी "ये की आत" म्हणेपर्यंत त्यानं पाऊल उचललं नाही.

"नाही सापडला," तो म्हणाला.

"आणि अंगात हे काय घातलंयस?"

मळ्यावरच्या जाड्याभरड्या कापडाचा, बिनबाह्यांचा सदरा होता तो. त्यानं मान खाली घालून त्याच्याकडं पाहिलं, जणू आत्ताच दिसला.

"माझा भिजला. त्या पळालेल्याचा झुडपावर पडला होता."

मी कॉफीचं सूप बाजूला ठेवलं. ज्याला हुडकायचं त्याचं कापड वेगळ्या, वाळवून कोरलेल्या भोपळ्यात झाकण लावून ठेवायचं, कुत्र्यांना हुंगायला देताना काठीनं धरायचं, स्वतःच्या अंगाला म्हणून लावायचं नाही. लग्न होऊन मी या घरात आले तेव्हा भांडी कुठं ठेवायची हे सांगायच्या आधी क्रिसांतोनं मला हे सांगितलं होतं. आणि आता तोच तो सदरा चढवून उभा होता.

२

संध्याकाळ व्हायच्या आत त्यानं कुत्र्यांपुढं हात धरला. कनेलानं मान वळवली. मोरोनं हुंगलंसुद्धा नाही. मग ती तिघं त्याच्याभोवती अंतर राखून बसली, कान उभे, तोंड मिटलेलं.

असं बसणं मी ओळखत होते. आमची कुत्री माणूस सापडला की चावत नाहीत, भुंकतही नाहीत. त्याच्याभोवती कडं धरून बसतात. तो हलला की हलतात, थांबला की थांबतात, दोर येईपर्यंत. याच कसबामुळं तर क्रिसांतोचं नाव झालं होतं. त्याची माणसं धडधाकट परत जायची, आणि धडधाकट माणसाला इनाम जास्त.

आणि मग माझ्या लक्षात आलं की दुपारी ती घरी आली तीसुद्धा अशीच. एक पुढं, दोन मागं.

"सदऱ्याचा वास आहे रे," मी म्हटलं. "काढ आधी तो. गाढवासारखं वागतोस आणि वर कुत्र्यांना दोष."

मी सदरा चुलीत घातला. कडू संत्र्याची पानं उकळून त्याला डोक्यापासून आंघोळ घातली, पाठ नारळाच्या काथ्यानं खसाखसा घासली. पाठ त्याचीच होती. खांद्यावरचा तीळ, मोरो पिल्लू असताना चावला होता त्याचा बरगडीवरचा वण, सगळं जिथल्या तिथं. मी जरा हसलेसुद्धा. काय वेडी आहेस उफेमिया, मी स्वतःला म्हटलं, अगं नवरा आहे तुझा.

धुतलेले कपडे घालून तो अंगणात आला. कुत्री उठली, त्याच्यामागं गेली आणि तो जिथं टेकला तिथं पुन्हा कडं धरून बसली.

३

मी भुताखेतांना घाबरणारी बाई नाही. डोंगराच्या कुशीत राहायचं, अशा माणसाशी संसार करायचा, तिथं असली थेरं परवडत नाहीत. म्हणून मी प्रत्येक गोष्टीला कारण शोधलं. पावसात भिजला, ताप अंगात मुरला. पहिल्यांदाच रिकाम्या हातानं आला, मनाला लागलं. कुत्री म्हातारी झाली. दोन मुलगे तरणेबांड होते, पण ते आईचं बघून करतात, असं मी मनाला समजावलं.

पण घरातल्या घरात माझं लक्ष जायचंच. तो खुर्चीवर बसेना. खुर्ची त्याच्या बापाची, बैलाच्या कातड्याची. मी त्यावर बसले तर मला उठवायचा, आणि आता भिंतीला पाठ टेकून जमिनीवर बसायचा. जेवण झालं की आपलं भांडं आपण धुवायचा. "क्रिसांतो" अशी हाक मारली की एक क्षण जायचा, मग वळायचा. दोर खुंटीला न जाता दाराबाहेर पडून होता, त्याला तो हात लावेना. आणि सारखा मानेवरून हात फिरवायचा, हनुवटीच्या खालून मागं, मागून पुढं.

"काय होतंय मानेला?"

"काही नाही," तो म्हणायचा. "हलकं वाटतंय."

सगळ्यात नवल नीकाचं. बापाच्या शिळेला रांजणामागं लपणारी माझी पोर आता त्याच्या मांडीवरून उतरेना. त्यानं तिला माडाच्या झावळीची चिमणी करून दिली, शेपटी ओढली की पंख हलवणारी. तिच्या केसांतून बोटं फिरवत तो काहीबाही गुणगुणायचा. ती भाषा मला येत नव्हती. घाण्यावर उसाच्या मोळ्या टाकताना बायका गातात त्यातलं काहीतरी असेल, क्रिसांतोच्याही कानावर पडलं असेल. पण आजवर त्यानं पोरीच्या केसांना हात लावला होता तो ते ओढायलाच. मलाही त्यानं काही कमी ओढलं नव्हतं.

सांगायला लाज वाटते, पण घरात बरं वाटत होतं. आणि बरं वाटतंय म्हणूनच मला भीती वाटत होती.

४

जेवणानंतर उन्हाच्या वेळी आमच्याकडं सगळे आडवे होतात. मी नीकाला खाटेवर निजवलं आणि पाणी प्यायला उठले. घरात माशीचासुद्धा आवाज नव्हता. झावळ्यांच्या छपरातून उन्हाच्या बारीक रेघा खाली आल्या होत्या.

तो भिंतीशी बसला होता. डोळे मिटलेले, श्वास लांब. गाढ झोपला होता. बसूनच. पाठ भिंतीला होती, पण मान भिंतीला टेकली नव्हती. खांद्यावर कलली नव्हती, पुढं झुकली नव्हती. ताठ उभी. दोन्ही हात गळ्याच्या बाजूंना वर उचललेले, आणि बोटं हवेत कशावर तरी विसावलेली.

मी तांब्या हातात घेऊन उभी राहिले. असं झोपलेलं माणूस मी पाहिलं होतं. घाण्यावर, गुळाच्या मडक्यांच्या सावलीत. एकदा पळून सापडलेल्याच्या गळ्यात तिथं लोखंडी पट्टा घालतात, त्याला चारी बाजूंना हातभर लांब दांडे असतात, झाडीत अडकावेत म्हणून. तो गळ्यात असला की आडवं होता येत नाही. माणूस बसून झोपायला शिकतो, दांडे हातांनी तोलून.

यावेळी क्रिसांतो ज्याला धरायला गेला होता त्या तोमेच्या गळ्यात असा पट्टा होता.

माझ्या हातातला तांब्या पडला. त्यानं डोळे उघडले आणि, अंगात वारं भरल्यासारखं, एका उडीत उभा राहिला. हात शरीराला चिकटलेले, नजर खाली. मग त्यानं मला ओळखलं आणि हळूहळू माझ्या नवऱ्यासारखा उभा राहिला.

"काय झालं, उफे?"

"काही नाही. तांब्या पडला."

उफे मला फक्त क्रिसांतो म्हणतो. आवाजही त्याचाच होता. दाराबाहेर कुत्री बसली होती आणि तिघांचे डोळे आत, त्याच्यावर.

५

दुसऱ्या सकाळी मळ्याचा मुकादम डॉन बासिलियो दोन माणसं घेऊन आला. घोड्यावरून उतरताना अंगणातला देखावा बघून तो आधी पोट हलेपर्यंत हसला.

"अरे बेर्रोआ! तुझी कुत्री तुलाच धरून बसली की! बांधून नेऊ का घाण्यावर?"

क्रिसांतो जमिनीवरून उठला, आणि मुकादम पायरी चढेपर्यंत खाली बघत राहिला. नीका त्याच्या पायाला बिलगून होती.

"तोमे कुठंय?" डॉन बासिलियोचं हसू संपलं. "हंगाम तोंडावर आलाय. पाकाचा रंग बघून कढई उतरवणारा दुसरा माणूस नाही माझ्याकडं. आणि हा बघतो तर पोरगी खेळवत बसलाय."

"पाय मुरगळलाय, मालक," तो म्हणाला.

मालक! क्रिसांतोनं या माणसाला कधी मालक म्हटलं नव्हतं. माघारी तो त्याला पिंप म्हणायचा आणि तोंडावर नुसतं बासिलियो.

"पाय मुरगळलाय, म्हणे," मुकादम माझ्याकडं वळला. "उफेमिया, तुझा वाघ म्हातारा झाला गं. जा, ते तोमेचं कापड आण. कुत्री आम्ही नेतो."

मी आत गेले. कोपऱ्यात तोमेच्या कापडाचा भोपळा होता. त्याच्या वर, आढ्याला, क्रिसांतोचं जुनं मुंडासं होतं. डोंगरात जाताना टोपीखाली बांधायचा तो रुमाल, घामानं कडक झालेला, जायच्या दिवशी मी दुसरा दिला म्हणून मागं राहिलेला. मला एकच जाणून घ्यायचं होतं, माझ्या पोरीला मांडीवर घेऊन बसणारा माणूस कोण आहे. मी भोपळा तसाच ठेवला आणि मुंडासं काढून घेतलं.

कनेलाच्या नाकाशी ते धरलं तर ती थरथरली. तिच्या घशातून बारीक रडका सूर निघाला. धनी वळणावर आला की ती असाच सूर काढायची. इतक्या दिवसांत पहिल्यांदा तिनं कडं मोडलं. तिघं उठली, त्याला ओलांडून, त्याच्याकडं मान न वळवता फाटकाबाहेर पडली आणि डोंगराच्या वाटेला लागली.

त्याची नजर माझ्या हातावर होती.

"ते कापड कुणाचं, उफे?" त्यानं हळूच विचारलं.

"ज्याला शोधायचंय त्याचं."

मला वाटलं तो आता ओरडेल, निदान माझा हात धरेल. त्यानं नीकाला उचललं, खांद्यावर बसवलं, तिचे दोन्ही पाय मुठीत धरले आणि आमच्या मागून चालू लागला. लंगडत नव्हता.

६

वर, चुनखडीच्या कड्याखाली जमीन पोकळ आहे. वेलींनी झाकलेले खड्डे आहेत, त्यात जनावरं पडतात. त्यातल्या एका खड्ड्याच्या काठावर कुत्री पोचली आणि वेडी झाली. शेपट्या हलवत होती, खाली तोंड घालून कुईकुई करत होती. कनेला पोटावर सरपटत काठाखाली उतरली.

मुकादमाच्या माणसांनी वेली तोडल्या. खाली कपारीत लोखंडी दांडे अडकलेला तोमे होता. तोच रुंद चेहरा, कढईनं भाजलेला तोच डावा कान. त्याला मी घाण्यावर कितीदा तरी पाहिलं होतं. ओठ फुटले होते, डोळे आत गेले होते. कनेला त्याचं तोंड चाटत होती.

"सापडलं पाखरू," मुकादम म्हणाला.

खालचा माणूस माझ्याकडं बघत होता.

"उफे!" तो ओरडला. घसा बसलेला होता. "उफे, मी आहे गं! मी! बासिलियो, अरे पिंपा, मला ओळखत नाहीस? नीका! नीके, खाली उतर त्याच्या अंगावरून!"

नीकानं घाबरून त्या दुसऱ्याच्या केसांत तोंड लपवलं.

मुकादमाची माणसं हसायला लागली. एकानं दोर सोडला आणि दुसरा खाली उतरला. ओढून काढताना खड्ड्यातला माणूस सारखा बोलत होता. सदरा भिजला म्हणून थंडीत तो दुसरा चढवला, एवढंच केलं, एवढंच. मग जाग आली ती इथं. मी नवऱ्याच्या चेहऱ्याकडं पाहिलं. तो माझ्या शेजारीच उभा होता आणि खालच्या माणसाकडं बघत नव्हता. माझ्याकडं बघत होता. नीकाच्या घोट्यांवर त्याच्या मुठी होत्या. घट्ट नव्हत्या, पण होत्या.

"उफे, सांग यांना!" वर काढलेला माणूस गुडघ्यावर पडला होता, हात मागं बांधलेले. "आपला पहिला मुलगा. मामेच्या फळझाडाखाली. नाव ठेवायच्या आधी गेला. तू आणि मी, दोघांनीच पुरला, पाद्र्यालाही सांगितलं नाही. हे कुणाला माहीत आहे? सांग, कुणाला माहीत आहे?"

कुणालाही माहीत नव्हतं. माझ्या आईलासुद्धा नाही. त्या झाडाचं फळ मी आजवर खाल्लेलं नाही.

डॉन बासिलियोच्या कपाळाला आठी पडली. एवढा वेळ त्याला ही करमणूक वाटत होती. आता त्यानं एकदा कुत्र्यांकडं पाहिलं, एकदा माझ्या शेजारच्याकडं.

"काय गं उफेमिया? खरं आहे का हे?"

गुडघ्यावरचा माणूस माझ्याकडं बघत होता. ते डोळे तोमेचे होते, पण असं कोण बघतं मला माहीत होतं. नीका शेजारच्याच्या डोक्यावर गाल टेकून, अंगठा चोखत, शांत बसली होती. एवढी शांत ती माझ्या घरात आजवर बसली नव्हती.

"नाही," मी म्हटलं. "नीका आमचं पहिलंच लेकरू."

तो ओरडायचा थांबला. एकदम, तोंड उघडं राहून. मुकादमानं सुटकेचा श्वास टाकला आणि त्याच्या पाठीत लाथ घातली.

"असंच असतं यांचं. घराघरातलं कानावर पडलेलं साठवून ठेवतात. चला!"

माझ्या तोंडून काय गेलं ते तेव्हा कुठं माझ्या कानांत शिरलं. मी काठावर बसले. ते त्याला ओढत खाली घेऊन गेले. कुत्री त्याच्याबरोबर गेली. कडं धरून नाही. पायांत घोटाळत, हात चाटत, लाथा खात. एकदाही मागं वळली नाहीत.

७

आम्ही घराकडं निघालो. मी पुढं बघून चालत होते. मागून त्याची पावलं येत होती, ओळखीची पावलं, टाच जरा घासणारी. नीका झोपली होती, त्यानं तिला खांद्यावरून उतरवून कडेवर घेतलं होतं आणि टोपी डोक्यावर चढवली होती.

मी मनाशी बोलत होते. तोमे तो तोमे. चेहरा बघितलास, कान बघितलास. कुत्री म्हातारी झाली. घराघरातलं कानावर पडतं.

ओढ्यापाशी वाट अरुंद होते, एका वेळी एकच माणूस जाऊ शकतो. मला धाप लागली म्हणून मी थांबले, आणि तो माझ्या पुढं निघून गेला. थोडं गेल्यावर मी मागं राहिल्याचं त्याच्या ध्यानात आलं. तो थांबला. डोक्यावरची टोपी काढून त्यानं छातीशी धरली. वाट सोडून खाली ओढ्याच्या चिखलात उतरला, झोपलेल्या पोरीला सांभाळत, आणि नजर जमिनीला लावून उभा राहिला. आम्ही मळ्यावरून जातो तेव्हा तिथली माणसं असंच करतात. क्रिसांतो बेर्रोआ उभ्या जन्मात कुणाला वाट देऊन उभा राहिला नव्हता.

"पुढं व्हा, बाईसाहेब," माझ्या नवऱ्याच्या आवाजात तो म्हणाला. "तुमचे उपकार झाले."

ओढ्याला पाणी थोडंच होतं. नीकाचा हात झोपेत त्याच्या मानेवर पडला होता. मी पुढं झाले.